म्हातारीचा गुडघा

नवरा एका डोंगरावरून पडला आणि सापडला दुसऱ्याच डोंगराखाली, असं कुणी दारात येऊन सांगितलं तर बाईनं काय समजायचं? क्रेसेन्झनं आधी एवढंच समजून घेतलं की सांगणारी चुकतेय.

सांगणारी होती गासनची लेनी. गासन म्हणजे खिंडीपलीकडचं गाव. उन्हाळा लागला की लेनी पाठीवर लोकरीचं ओझं घेऊन खिंड ओलांडायची, इकडे एग्गनच्या बायकांना लोकर विकायची, आणि दोन्ही गावांच्या भानगडी इकडच्या तिकडे करून परत जायची. त्या दिवशी तिनं ओझं पाठीवरून उतरवलंच नाही.

"तुझा माणूस मिळाला गं," ती म्हणाली.

क्रेसेन्झ शेळीची धार काढत होती. तिचा हात तसाच थांबला आणि शेळीनं रागानं पाय आपटला. थेओडूलला जाऊन वर्ष झालं होतं. तेव्हा गावातल्या पुरुषांनी ग्राउहॉर्नखालचा सगळा बर्फ काठ्यांनी टोचून पाहिला होता आणि हात हलवत परत आले होते.

"कुठं मिळाला?"

"आमच्या म्हातारीखाली, आमच्या डोंगराखाली. यंदा ऊन कडक पडलंय, बर्फ खाली गेला, तसा तो वर आला. आमच्या अम्ब्रोसनं पाहिला."

"म्हातारीखाली कसा असेल? तो ग्राउहॉर्नवरून पडला. आमच्या बाजूला."

"ते मला काय ठाऊक, बाई. म्हातारीखाली आहे. पायात पांढरे मोजे आहेत, काठाला हिरवी वेल विणलेली."

ती वेल क्रेसेन्झनंच विणली होती, आणि डाव्या मोज्यावर तिची दोन पानं चुकली होती. तिनं लेनीला पानांबद्दल विचारलं नाही. विचारलं असतं आणि लेनी हो म्हणाली असती, तर मग बोलायला काही उरलंच नसतं.

एग्गनच्या माणसांना विचाराल तर जगात डोंगर एकच, ग्राउहॉर्न. गावाच्या डोक्यावर सरळ उभा, करडा, माथ्यावर बर्फाची टोपी. गासनचीही एक म्हातारी आहे, हे त्यांना ऐकून माहीत होतं, जसं शेजाऱ्याकडेही एक सासू आहे हे माहीत असतं. खिंडीतून यातलं काहीच दिसत नाही, मधे एक काळा कडा आडवा येतो. त्यामुळे ग्राउहॉर्न आपला आणि म्हातारी त्यांची, असा हिशेब बापजाद्यांपासून चालत आलेला. आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं. डोंगरांच्या बाबतीत तर हे फारच खरं.

वर जायचं मात्र कुणाच्या मनात नव्हतं. जुनी माणसं सांगायची की वरच्या बर्फात मेलेल्यांचे आत्मे प्रायश्चित्त करत रांगेनं चालतात, त्यांच्या वाटेत जाऊ नये. रानबकऱ्यांच्या मागे लागलेला शिकारी बर्फाच्या कडेपर्यंत जायचा, छातीवर क्रूस करायचा आणि फिरायचा. मग इंग्लिश साहेब यायला लागले. जिथं ना गवत ना बकरी, तिथं जाण्यासाठी पैसे मोजणारी ही जात पाहून गावानं आधी कपाळाला हात लावला आणि नंतर दोर वळायला घेतले. थेओडूल या कामात सगळ्यांच्या पुढे. त्यानं थॉर्नबी नावाच्या साहेबाला घेऊन ग्राउहॉर्नवर दोनदा प्रयत्न केला. पहिल्यांदा काळ्या सुळक्यानं परतवलं, दुसऱ्यांदा गारांनी. तिसऱ्यांदा त्यानं धाकट्या भावाला, पिर्मिनला, बरोबर घेतलं आणि खांद्यावर एक काठी घेतली, वर रोवायला.

त्या दिवशी सकाळपासून माथा धुक्यात होता. फादरच्या अंगणात दुर्बीण लावलेली, आणि दुर्बिणीला डोळा क्रेसेन्झचा. तिच्याइतकी तेज नजर गावात कुणाची नव्हती. दुपारी धुकं एका जागी फाटलं आणि तिला माथ्यावर लाल ठिपका दिसला. थेओडूलचा लाल सदरा. तिनंच शिवलेला.

"थांब, मला बघू दे," फादर म्हणाले होते.

ती थांबली नव्हती. तिचा बाप चर्चची घंटा वाजवायचा, त्याची कंबर गेल्यापासून ते काम तिच्याकडे होतं. ती धावत गेली आणि दोराला लटकलीच. एग्गननं अशी घंटा कधी ऐकली नव्हती. लोक शेतातून पळत आले, कुणी रडलं, कुणी नाचलं. संध्याकाळी पिर्मिन साहेबाला जवळजवळ पाठीवर घेऊन खाली आला, आणि त्याच्यामागे तिसरं कुणी नव्हतं. दादा उतरताना पुढे पायऱ्या कोरायला दोरातून सुटला आणि घसरला, एवढंच त्यानं सांगितलं. पुढे साहेबाच्या वर्तमानपत्रात ग्राउहॉर्नवर पहिला साहेब चढला. एग्गननं मात्र आपला निकाल आधीच लावला होता. पायऱ्या कोरत पुढे जातो कोण? वाटाड्या. मग पहिला कोण? थेओडूल.

तर आता हा थेओडूल म्हातारीखाली कसा गेला?

क्रेसेन्झनं ठरवलं, डोंगरातलं पुरुषांना कळतं, त्यांना विचारावं. रविवारी चर्चमधली मिस्सा झाल्यावर ती वाइनच्या दुकानात गेली. बातमी तिच्याआधी पोचली होती आणि टेबलावर डोंगर तयार होता. चीजचा मोठा तुकडा म्हणजे ग्राउहॉर्न, राय धान्याचा पाव म्हणजे म्हातारी, मधे आडवी सुरी म्हणजे खिंड.

"हे बघ क्रेसेन्झ, सोपं आहे," मेल्खिओर सुतार म्हणाला. त्याला सगळंच सोपं वाटायचं. "बर्फ वाहतो. इथं पडलेलं तिथं जातं."

"खाली वाहतो ना? मग गावाकडे यायला हवा होता. डोंगर ओलांडून पलीकडे कसा वाहील?"

मेल्खिओरनं चीजकडे पाहिलं, पावाकडे पाहिलं. "खालून जात असेल. डोंगराच्या पोटातून."

"पोटातून? अरे, तो बर्फ आहे की जंत?" दुसरा एक जण म्हणाला. "वाऱ्यानं नेलं. वर वारा कसला असतो तुम्हाला काय माहीत."

"तुला तरी काय माहीत? तू चर्चच्या पायऱ्या चढताना धापा टाकतोस."

"मी सांगतो," कोपऱ्यातला म्हातारा म्हणाला. "आत्म्यांनी नेलं. रांगेत घेतला त्याला. आणि त्यांची रांग गासनकडून जाते, कारण पापी तिकडे जास्त."

सगळे हसले, मग क्रेसेन्झकडे बघून गप्प झाले. पुन्हा वाद सुरू झाला. उंटावरून शेळ्या हाकणाऱ्यांची तिथं कमी नव्हती. सुरी इकडून तिकडे सरकली, पाव उलटा झाला, आणि बोलता बोलता ग्राउहॉर्नचा माथा कुणीतरी खाऊन टाकला. क्रेसेन्झचं डोकं भणभणायला लागलं. ती आली तेव्हा तिला एकच गोष्ट कळत नव्हती, आता एकही कळत नव्हती.

पिर्मिन भिंतीला टेकून बसला होता. पेल्यातली वाइन तशीच होती.

"पिर्मिन, तू तिथं होतास," ती म्हणाली. "हे सगळे खाली होते. तू सांग. कुठल्या बाजूला पडला तो?"

"आपल्या बाजूला, वहिनी."

"नक्की?"

"धुकं होतं."

"धुकं होतं म्हणजे आपली बाजू की नाही?"

"बर्फाचं काय सांगावं," पिर्मिन म्हणाला आणि पेला फिरवत राहिला. हा पोरगा तिच्या लग्नात बुटाएवढा होता, तिच्या हातचं खाऊन वाढला, आणि आज तिच्या डोळ्यांत बघत नव्हता. तिला वाटलं, दुःख आहे. मग वाटलं, दुःख असं खाली बघत नाही. मग तिला काय वाटतंय तेच तिला कळेना.

फादरना मात्र कसलाच प्रश्न पडला नव्हता. देवानं माणूस परत दिला, तर तो कुठून दिला याची चौकशी करू नये, असं त्यांचं म्हणणं. क्रूस वर्षभर तयार होता. मेल्खिओरनं लार्चच्या लाकडाचा केला होता आणि त्यावर कोरलं होतं: *थेओडूल, ग्राउहॉर्नवर पहिला पाय ठेवणारा.* खाली दुसरी ओळ: *उतरताना देवाघरी गेला.* पुरायला देहच नव्हता म्हणून तो चर्चच्या भिंतीशी टेकून उभा होता, आणि घंटा वाजवायला जाताना क्रेसेन्झ तो रोज वाचायची. आता जाऊन त्याला घरी आणायचं, एवढंच तिला हवं होतं. आपल्या मातीत, आपल्या डोंगरासमोर, जिथं सर्व मृतांच्या दिवशी ती पवित्र पाणी शिंपडू शकेल. आणि क्रुसावर जे कोरलंय ते खरं आहे ना, एवढं कुणीतरी सरळ तोंडानं सांगायला हवं होतं.

चार जण ताटी घेऊन निघाले. पिर्मिन आणि क्रेसेन्झ त्यांच्यामागे.

गासनच्या लोकांनी थेओडूलला आपल्या लहान प्रार्थनाघरात ठेवलं होतं आणि डोक्याशी दोन मेणबत्त्या लावल्या होत्या. एरवी एग्गनच्या माणसाला ते पाणीही टोमणा मारून देतात, पण त्या दिवशी सगळे दाराबाहेर टोप्या काढून उभे होते. लेनीनं चेहऱ्यावर कापड टाकलं होतं.

"ते राहू दे," ती हळूच म्हणाली.

क्रेसेन्झनं कापड राहू दिलं. तिनं हात पाहिले. मग मोजे पाहिले. डाव्या मोज्यावर दोन पानं चुकलेली होती. ती तिथंच खाली बसली आणि लेनी तिची पाठ चोळत राहिली.

बऱ्याच वेळानं ती बाहेर आली. तोवर ढग हटले होते. गावाच्या मागे, कुरणांच्या वर, एक डोंगर उभा होता, आणि तो तिनं जन्मात पाहिला नव्हता. पांढराशुभ्र, लांब पाठीचा. त्याच्या उजव्या अंगाला, बरंच खाली, एक करडा उंचवटा पुढे आला होता.

"ही म्हातारी," अम्ब्रोस म्हणाला. गासनचा हा मोठा वाटाड्या. आवाज असा की दोन कुरणांपलीकडची गाय वळून बघेल, पण तिच्याशी तो हळू बोलत होता. "याच महिन्यात चढलो आम्ही. माथ्यावर उभं राहून खाली बघितलं, तर त्या उंचवट्यावर दगडांची रास, तीत एक काठी, काठीला लाल चिंधी. आधी कळेचना काय आहे. मग कळलं. तो तुमचा ग्राउहॉर्न."

"कुठला?"

"तो. खालचा. आम्ही त्याला म्हातारीचा गुडघा म्हणतो."

मागे कुणीतरी खुसखुसलं. लेनीनं वळून असं पाहिलं की तो गप्प झाला.

क्रेसेन्झ त्या उंचवट्याकडे बघत राहिली. जन्मल्यापासून तिनं ज्याच्याकडे मान वर करून पाहिलं होतं, तो इथून कुणाच्या तरी गुडघ्याएवढा होता. दुरून डोंगर साजरे म्हणतात. जवळून बघितला तरी कुठून बघताय ते महत्त्वाचं, हे कुणी सांगत नाही.

"म्हणजे दोन डोंगर नाहीत?"

"एकच. तुम्ही पुढून बघता. गुडघा जवळ, म्हणून त्याच्यामागचा माथा दिसत नाही. आम्ही बाजूनं बघतो."

"मग वर पहिलं कोण गेलं?"

"आम्ही," अम्ब्रोस म्हणाला. ते म्हणायला त्याला आवडलं, आणि आवडलं याची लगेच लाजही वाटली. "वर काहीच नव्हतं. ना दगड, ना काठी. पण खरं सांगायचं तर वर नुसता बर्फ आहे. काल गेलेल्याचं पाऊल आज दिसत नाही."

"थेओडूल कुठं होता?"

त्यानं बोट दाखवलं. गुडघ्यापासून माथ्यापर्यंत एक बारीक धार जात होती, आणि धारेखाली सरळ कडा. "त्याच्या पायथ्याशी. कमरेला दोर नव्हता. तुटलेला नाही, नव्हताच."

"पण तिथं तो कशाला गेला?"

"तेच मी तुला विचारणार होतो," अम्ब्रोस म्हणाला.

तिनं वळून पाहिलं. पिर्मिन म्हातारीकडे पाठ करून ताटीच्या दोऱ्या आवळत होता. त्या आधीच घट्ट होत्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते थेओडूलला घेऊन निघाले. खिंडीच्या अलीकडे एक सपाट दगड आहे. वाटेनं मृताला नेणारे सगळे तिथं ताटी टेकवतात, 'आमच्या बापा' म्हणतात, घोटभर वाइन घेतात आणि मगच पुढे जातात. प्रार्थना झाली. वाहणारे चौघे वाऱ्याच्या आडोशाला जाऊन बसले. क्रेसेन्झ ताटीशीच थांबली.

"पिर्मिन, इकडे ये."

तो आला.

"आता तो इथं आहे. त्याच्या देखत सांग. खोटं बोलायचं असेल तर त्याच्या देखत बोल."

पिर्मिन ताटीच्या पलीकडच्या बाजूला खाली बसला.

"तो उतरताना पडला नाही, वहिनी. म्हणजे... मला माहीत नाही." त्यानं नाक पुसलं. "आम्ही पोचलो तेव्हा हात पुढे केला तरी दिसत नव्हता. वर चढ उरला नाही, म्हणजे माथा आला. काठी रोवली. दादानं आतला सदरा काढून बांधला. साहेबाचे पाय गारठून लाकूड झालेले, तो बसलेला. तेवढ्यात खालचं धुकं फाटलं. गाव दिसलं. आणि घंटा."

"ऐकू आली?"

"स्वच्छ. दादा हसला. म्हणाला, क्रेसेन्झ आहे. दुसरं कोण इतक्या घाईत ओढतंय. साहेबानं टोपी हवेत फेकली. मग मागचं धुकंही फाटलं." तो थांबला. "तिथं ती उभी. पांढरी. आपल्यापेक्षा कितीतरी उंच. आम्ही तिघं बघतच राहिलो. आणि घंटा चालूच."

क्रेसेन्झनं ताटीची कड धरली.

"साहेब म्हणाला, चला, उतरू. दादा म्हणाला, आपण पोचलो नाही. साहेब म्हणाला, घंटा वाजली, गाव म्हणतंय पोचलो, झालं. दादा कमरेची गाठ सोडायला लागला. मी म्हटलं, दादा, साहेबाला सोडून जातोस? तो म्हणाला, तू आहेस ना. एक मिस्सा संपेपर्यंत जाऊन येतो. मी म्हटलं, कशासाठी? कुणाला कळणार आहे? खालून ते दिसतसुद्धा नाही."

"मग?"

"म्हणाला, तिनं घंटा वाजवलीय, पिर्मिन. तिला खोटी कशी पडू देऊ? ती जन्मभर इकडे बघणार."

वाऱ्यावरून त्या चौघांचं बोलणं येत होतं. कुणाच्या तरी गाईच्या व्यायण्याबद्दल होतं.

"तो धारेवर गेला," पिर्मिन म्हणाला, "आणि धुकं परत मिटलं. आम्ही हाका मारल्या. एक मिस्सा झाली, दुसरी झाली असेल. साहेबाचे ओठ निळे पडले. तो गेला असता. मला उतरावं लागलं, वहिनी. साहेब माझ्या दोराला होता. दादा नव्हता."

"आणि गावात खोटं सांगितलंस."

"वाटाड्यानं आपल्या साहेबाला वर टाकलं, असं सांगू? दादाबद्दल? आपल्यात वाटाड्याला चोर म्हणा, दारुडा म्हणा, चालतं. हे म्हटलं की संपलं. साहेबही म्हणाला, नको सांगूस. भला माणूस तो. मग उतरताना पडला म्हटलं. सगळ्यांना ते बरं वाटलं. तुलाही, मला वाटलं."

क्रेसेन्झला ओरडावंसं वाटलं. कुणावर, ते कळेना. पिर्मिनवर? तो बिचारा एका बाजूला भाऊ आणि दुसऱ्या बाजूला दोर यांच्यात उभा होता. साहेबावर? त्याला तर फक्त घरी जायचं होतं. स्वतःवर? फादर थांब म्हणाले होते, आणि ती थांबली नव्हती. मग तिला थेओडूलचा राग आला, असा की डोळ्यांपुढे अंधारी यावी. कुणी सांगितलं होतं याला? खोटी घंटा आणि जिवंत नवरा, असा सौदा कुणी तिच्यापुढे ठेवला असता तर तिनं तो दोन्ही हातांनी घेतला असता. सगळं गाव खोटं ठरलं असतं तरी तिचं काय बिघडत होतं? आणि राग संपायच्या आतच तिला हेही कळलं की तिच्यासाठी एवढं कुणी कधी केलं नव्हतं आणि करणारही नाही. या दोन गोष्टी एका मनात कशा ठेवायच्या, हे तिला कुणी शिकवलं नव्हतं.

"पोचला का रे तो?" तिनं विचारलं.

"माहीत नाही."

"पडला तो जाताना की येताना?"

"माहीत नाही, वहिनी. वर्षभर तेच विचारतोय स्वतःला. कधी वाटतं जाताना, कधी वाटतं येताना. त्या धारेवरून दोन्हीकडे सारखंच पडता येतं."

चौघे उठून आले. ताटी उचलली गेली. खिंडीतून उतरताना क्रेसेन्झ सगळ्यात मागे चालत होती आणि एकदाही ग्राउहॉर्नकडे तिनं मान वर केली नाही.

एग्गनच्या चर्चसमोर सगळं गाव जमलं होतं. खड्डा तयार होता. मेल्खिओर क्रूस हातात धरून उभा होता, ओळींमधला काळा रंग त्यानं नव्यानं भरला होता. फादर पुस्तक उघडणार एवढ्यात क्रेसेन्झ पुढे आली.

"फादर, आधी ती वरची ओळ काढा."

"कुठली?"

"पहिला पाय ठेवणारा. ग्राउहॉर्न हा माथा नाही. माथा त्याच्यामागे आहे, गासनला दिसतो. मी बघून आले. आपण सगळे जन्मभर गुडघ्याला डोकं समजत होतो."

लोकांत गलका झाला. गासनवाल्यांनी हिला काहीतरी पाजलं, असं कुणीतरी म्हणालं. वाइनच्या दुकानातल्या म्हाताऱ्यानं जोरात विचारलं, मग तिथं काठी कशाला रोवली?

"धुकं होतं म्हणून," ती म्हणाली. "धुकं गेल्यावर त्याला दिसलं. मग त्यानं दोर सोडला, साहेबाला पिर्मिनकडे ठेवलं आणि एकटा पलीकडे गेला. म्हणून तिकडे सापडला."

आता गलका थांबला. फादर तिच्याजवळ आले.

"मुली, तू काय बोलतेस ते तुला कळतंय का?" ते पुटपुटले. "वाटाड्यानं साहेबाला सोडलं?"

"सोडलं."

"हे लोक विसरणार नाहीत."

"नका विसरू. खरं आहे ते."

तो का गेला, हे तिनं सांगितलं नाही. ते गावाचं नव्हतं.

मेल्खिओरनं तिच्याकडे पाहिलं, फादरकडे पाहिलं आणि खिशातून पटाशी काढली. आज पहिल्यांदाच त्याला काही सोपं वाटत नव्हतं. त्यानं क्रूस गवतावर आडवा ठेवला आणि नाव तेवढं ठेवून वरची ओळ तासायला घेतली. लाकूड कडक होतं, अक्षरं खोल होती, वेळ लागला. ती गेली तशी त्यानं पटाशी दुसऱ्या ओळीवर टेकवली.

"ती राहू दे," क्रेसेन्झ म्हणाली.

"उतरताना?"

"हो."

पिर्मिन गर्दीतून पुढे आला. "वहिनी, ते मी रचलं होतं," तो तिच्या कानाशी म्हणाला. "तुला सांगितलं ना. तो पोचला की नाही हेसुद्धा..."

"तू होतास तिथं?"

"कुठं?" पिर्मिन म्हणाला.

"त्या धारेवर, तो पडला तेव्हा, होतास?"

"नाही."

"मग गप्प बस," ती म्हणाली. "मी त्याची बायको आहे. तो घरीच यायला निघाला होता."

मेल्खिओरनं पटाशी खिशात ठेवली, आणि दोघा-तिघांनी मिळून क्रूस उभा केला.